वाणात गल्ली मागणारे आमचे जावई

आमच्या जावयांइतका दिवसभर कामात बुडालेला आणि तरीही बिनकामाचा माणूस भिवंडीत आजवर झाला नाही आणि पुढेही होणार नाही, हे मी छातीठोक सांगते. भिवंडीत नवीन माणसाला "काय करता?" असं कोणी विचारत नाही, "लूम कितने हैं?" असं विचारतात. ज्याचे लूम, म्हणजे कापड विणायचे यंत्रमाग, नाहीत त्याचं गोडाऊन असतं, गोडाऊन नसेल तर टेम्पो असतो, आणि यातलं काहीच नसेल तो दुसऱ्याच्या लूमवर ड्युटी करतो. आमचे जावई यांतल्या कशातच बसत नाहीत. ते पिक्चर काढतात. आणि पिक्चर तरी कसे, तर ज्यात नाच नाही, गाणं नाही, मारामारी नाही आणि पुष्कळदा माणूससुद्धा नाही. मी चौथी शिकलेली बाई. मला त्यातलं सगळं कळतं असं मी म्हणणार नाही. पण ज्यांना कळतं असं ते म्हणतात, त्यांचेही चेहरे मी पाहिलेत, तेव्हा मला त्याचं वाईट वाटत नाही.

ते मूळचे पुण्याचे. फिजिक्स शिकलेले. मोजमापाची यंत्रं बनवणाऱ्या एका कंपनीत चांगली नोकरी होती, ती सोडली. का सोडली म्हणून आमच्या ह्यांनी विचारलं तर म्हणाले, "मामा, तिथे सगळं मोजतात, पण मोजणारा कोण आहे हे कोणी विचारत नाही." आमचे हे म्हणाले, "मोजणारा कोन ते म्हैन्याच्या पगाराला विचारायचा व्हता." हे सगळं झालं बघण्याच्या कार्यक्रमात. तसं आमच्या वैशालीने आणि त्यांनी आधीच आपसात ठरवून टाकलेलं होतं, पोहे नुसते नावाला होते. पण पोहे खाता खाता हा माणूस वर बघत बसला आणि म्हणाला, "पंखा जरा बंद कराल का?" मे महिन्याचे दिवस. कोणीतरी उठून बंद केला. त्याची पाती हळूहळू दिसायला लागली तशी जावई म्हणाले, "परत लावा. परत बंद करा." असं किती वेळा केलं देव जाणे. वीस माणसं घामाने निथळताहेत, भटजींचं उपरणं ओलं झालंय आणि नवरा मुलगा विचारतोय, "ती पाती नेमकी कोणत्या क्षणी वेगळी दिसायला लागतात?" आमचे हे आत स्वयंपाकघरात आले आणि मला म्हणाले, "पोरगा शिकलेला हाय, पन कुठंतरी त्याचा एक स्क्रू ढिला हाय." वैशाली तिथेच चहा गाळत होती. ती म्हणाली, "बाबा, तुम्ही कधी बघितलंत का, कधी दिसतात ते?" "मना काय करायचाय बघून? मी पंख्याचा बिल भरतो." झालं, लग्न ठरलं.

आमचं घर भिवंडीतल्या टेमघरला. घराच्या दोन्ही अंगांना, समोर, मागे, सगळीकडे लूमचे कारखाने. खालचा मोठा गाळा आमचाच, तो सलीमभाईला भाड्याने दिलेला. दिवसपाळी-रातपाळी लूम चालू, त्यामुळे आमच्या गल्लीत हळू बोलणारा माणूस तुम्हाला शोधून सापडणार नाही. तान्ही पोरंसुद्धा इथे दुसऱ्या गावच्या पोरांपेक्षा वरच्या पट्टीत रडतात. ज्यांना जमलं ते सगळे या आवाजाला कंटाळून कल्याणला, ठाण्याला फ्लॅट घेऊन निघून गेले. आमचे जावई मात्र लग्नाला वर्ष झाल्यावर एक दिवस आले आणि म्हणाले, "मामी, वरच्या मजल्यावर राहायला येऊ का? मला इथला आवाज फार आवडतो." सासुरवाडीत राहायला येणाऱ्या जावयाने काहीही कारण दिलं असतं, नोकरी लांब आहे, भाडं परवडत नाही, तर मी समजू शकले असते. आवाज आवडतो म्हणून घरजावई झालेला हा पहिलाच.

ते राहायला आले ते दोन पेट्या पुस्तकं, एक कॅमेरा आणि एक माइक घेऊन. माइकवर राखाडी केसांचं टोपडं होतं, म्हणजे वाऱ्याचा आवाज येऊ नये. ते एका लांब काठीला लावून गल्लीतून फिरायचे तेव्हा लांबून असं दिसायचं की कोणी मेलेलं मुंगूस मिरवतंय. शेजारच्या मांजरीने एकदा ते टोपडं पळवलं आणि पत्र्यावर नेऊन त्याला चाटत बसली. आम्ही सगळे हाकलायला धावलो, तर जावई खालून ओरडले, "थांबा, हाकलू नका! ती त्याला जिवंत समजतेय. का समजतेय?" आणि कॅमेरा आणायला गेले. परत येईपर्यंत मांजरीला कळून चुकलं होतं. फार हळहळले.

त्यांना असे प्रश्न कुठेही पडायचे आणि ते मलाच विचारायचे, कारण दिवसभर घरात मी एकटीच. वैशाली शाळेत शिकवायला जायची. एकदा मी बघते तर माझा तांदळाचा डबा घेऊन बसलेत, जमिनीवर तांदळाचा ढीग घातलाय, एक दाणा उचलायचा, कॅमेऱ्याचं बटण दाबायचं, पुन्हा एक दाणा. म्हणाले, "मामी, एकेक दाणा काढत गेलो तर हा ढीग ढीग राहायचा कधी बंद होईल?" मी म्हटलं, "साडेसहाला. तेव्हा मी तो शिजायला टाकणार आहे." दुसऱ्यांदा मला म्हणाले, "मामी, तुमचा हात या कळशीला लागलाय असं तुम्हाला वाटतं ना? तो खरा लागतच नाही. अणू एकमेकांना शिवत नाहीत, नुसते ढकलतात." मी म्हटलं, "बरं झालं. मग न शिवता ही वर गच्चीत नेऊन ठेवा, पाणी जाईल आता." नेली की त्यांनी! एक नाही, सगळ्या नेल्या. आमच्याकडे जावई सासुरवाडीला आला की इकडचा तांब्या तिकडे करत नाही. हा माणूस खांद्यावर कळशी घेऊन जिना चढतोय आणि सगळी गल्ली बघतेय. मी म्हटलं, "अहो राहू द्या, लोक काय म्हणतील?" तर म्हणाले, "लोकांना काय दिसतंय? त्यांच्या डोळ्यांत फक्त उजेड जातोय." जेवायलाही नखरा नाही. जन्मात मासळी न खाल्लेला माणूस, पण सुकटीचं कालवण आणि तांदळाची भाकरी अशी खायला लागला की वैशालीच्या वाटणीचं मी लपवून ठेवायला लागले.

पहिला पिक्चर त्यांनी आमच्या अंगणात काढला आणि गच्चीवर पांढरी चादर बांधून सगळ्या गल्लीला दाखवला. सलीमभाईकडचे कामगार आले, बायका आल्या, पोरं आली, कोणीतरी शेंगदाणेवालाही बोलावला. पिक्चर सुरू झाला. भिंतीला टेकलेली एक शिडी आणि तिची सावली. बस्स. सावली या टोकापासून त्या टोकापर्यंत जाते, पण जाताना कधी दिसत नाही. बघावं तेव्हा ती थांबलेलीच असते आणि तरी पुढे गेलेली असते. बराच वेळ गेल्यावर इस्माईलचाचा, सलीमभाईकडचे सगळ्यात जुने कारागीर, त्यांनी आदबीने विचारलं, "दामाद साहब, हीरो इंटरवल के बाद आएगा क्या?" जावई म्हणाले, "हीरो तो शुरू से है, चाचा. वो परछाईं." "अच्छा," चाचा म्हणाले, "तो बोलती कब है?" सगळी गच्ची हसली आणि सगळ्यांत जोरात आमचे जावई हसले. आमच्या ह्यांनी मात्र शेवटपर्यंत बघितला. संपल्यावर म्हणाले, "शिडी आपली हाय. भाडा मागाला पायजे." दुसऱ्या दिवशी दुपारी मी बाहेर आले तर आमचे हेच अंगणात शिडीसमोर उभे. मी म्हटलं, "काय बघताय?" म्हणाले, "किती वाजले ते बघतो." हातात घड्याळ होतं.

आता मुख्य गोष्ट सांगते. दोन हजार सात साली ज्येष्ठ अधिक आला होता, म्हणजे धोंड्याचा महिना. तोवर जावयांना आमच्याकडे राहून चार वर्षं होत आली होती आणि त्यातली दोन वर्षं ते आमच्या गल्लीच्या आवाजावर पिक्चर काढत होते. घर वैशालीच्या पगारावर चालत होतं आणि हे सगळ्या भावकीला माहीत होतं. अंबाडी गावात एका हळदीला गेलो होतो, तिथे भर मांडवात कोणीतरी ह्यांना विचारलं, "काका, तुमचा जावई शुटिंग करतो ना? आमच्या हलदीची करंल का? जेवन देऊ." लोक हसले. हे घरी आले, पाय धुतले, आणि जेवताना सगळ्यांसमोर बोलले. त्यांचा एक मावसभाऊ होता, त्याने हायवेकडच्या भातशेतात गोडाऊनं बांधली होती आणि त्याला तिथे भरवशाचा सुपरवायझर हवा होता. हे म्हणाले, "जावयबापू, तुमचा हा पिच्चर दोन वर्सा चाललाय. धोंड्याचा म्हैना संपंस्तोवर पुरा झाला तर झाला. न्हाय झाला तर कॅमेरा पेटीत घाला आनि दुसऱ्या दिसापासून गोडाऊनला ड्युटी. मी भावाला सबूद दिलाय." वैशाली भाकरी तशीच हातात धरून राहिली. जावई म्हणाले, "बरं, मामा."

ते "बरं" मला लागलं. कारण हा माणूस शब्दाचा फार पक्का. पुढे एकदा मांजरीने त्यांचं टोपडं फाडलं आणि हे तिच्यावर ओरडले, तेव्हा शेजारीण म्हणाली, मी शिवून देते, तुम्ही परत तिच्यावर ओरडू नका, तर त्या मांजरीशी ते आजतागायत मऊ बोलतात. एकदा "बरं" म्हटलं म्हणजे ते खरंच गोडाऊनला जाणार, आणि कॅमेरा पेटीत गेला की तो परत बाहेर निघणार नाही, हे मला दिसत होतं. मी रडणारी बाई नाही. पण रांगेने लावलेल्या खोक्यांसमोर खुर्ची टाकून बसलेला हा माणूस काही केल्या माझ्या डोळ्यांसमोर येईना. आणि आला तरी तो खोकी मोजायची सोडून शेवटी खोकं म्हणजे काय, असा प्रश्न घेऊन बसलेला दिसायचा, आणि तेवढ्यात टेम्पो भरून निघून जायचा.

धोंड्याच्या महिन्यात जावयाला जेवायला बोलवायचं, अनारसे करायचे, दिवा द्यायचा, आणि तो मागेल ते वाण आपल्या ऐपतीप्रमाणे द्यायचं, ही आमच्याकडची रीत. घरातच राहणाऱ्या जावयाला बोलावणार कुठून? मी जिन्याखाली उभी राहून रीतसर हाक मारली, "जावयबापू, यायचं करा!" ते वरून खाली उतरले. पाटावर बसवलं, ओवाळलं, अनारसे वाढले. मग विचारलं, "वाण काय हवं? अंगठी करू का?" त्यांनी अनारसा उजेडात धरून त्याची भोकं बघितली, मग म्हणाले, "मामी, द्यायचंच असेल तर गल्ली बंद करून द्या. एकेक लूम करून."

मला वाटलं, अनारशातलं तूप डोक्यात गेलं. पण त्यांनी समजावून सांगितलं. पिक्चर सगळा तयार होता, फक्त शेवट राहिला होता. एक लूम बंद केला तर गल्लीचा आवाज बंद होतो का? होत नाही. दुसरा केला तर? तरीही होत नाही. असं करत करत एक वेळ येते की आवाज नसतो. मग तो नेमका कधी गेला? मी म्हटलं, "शेवटचा लूम बंद झाला तेव्हा." "पण मामी, शेवटचा एकटाच लूम खडखडत असतो, तेव्हा त्याला आपण गल्लीचा आवाज म्हणतो का?" मी जरा विचार केला. नाही म्हणत. खरंच नाही म्हणत. "मग लाईट जाते तेव्हा का नाही काढत?" "तेव्हा सगळे एकदम बंद पडतात आणि लगेच जनरेटर लागतात. मी कारखान्या-कारखान्यात जाऊन विचारलं. सगळ्यांनी चहा पाजला आणि हसून पाठवलं." मी उठले, पदर खोचला. जावयाने धोंड्यात मागितलं आणि सासूने नाही म्हटलं, असं आमच्यात होत नाही. आणि वाण दिलं की पिक्चर पुरा होणार होता, तेवढं गणित मला चौथीच्या जोरावर जमत होतं.

पहिली गेले ती कमलाकरकडे. भावकीतला पुतण्या, आमच्या उजव्या हाताला त्याचा कारखाना. तो म्हणाला, "काकी, असा मधीच लूम बंद केला का सुताच्या तारा तुटतान." मी म्हटलं, "शुक्रवारी सुट्टीला बंद करतोसच ना रे? तेव्हा तारा जोडायला कोण येतो, तुझा सासरा?" आणि हे बोलता बोलताच मला सुचलं. शुक्रवारी सगळ्या गल्लीला सुट्टी असते. सकाळी रातपाळी सुटली की लूम तसेही थांबायचेच असतात, कोणाचा आधी, कोणाचा मागाहून. फक्त ते माझ्या इशाऱ्याने, एकामागून एक थांबवायचे. कोणाचं काही जात नव्हतं. सलीमभाईने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "खाला, जमाई का माँगना है तो बात अलग है. हमारे यहाँ भी दामाद के आगे कोई ना नहीं बोलता. लेकिन माँगा तो माँगा, एक मोटरसाइकिल माँग लेता बिचारा!" इस्माईलचाचांनी सगळ्या कारागिरांना सांगायचं काम आपल्याकडे घेतलं. राहिला शेवटचा कारखाना, तो एका मुंबईच्या शेठचा. तिथे सगळा कारभार मेहताजी बघायचे. ते म्हणाले, "माताजी, सेठ से पूछना पड़ेगा." "सेठ कहाँ है?" "मुंबई." "मग त्याला इथला आवाज बंद झालेला ऐकू जाणार आहे का?" मेहताजी मान खाजवायला लागले. मी त्याला होकार धरला आणि निघाले.

शुक्रवार उजाडला. महिना संपायला जेमतेम आठवडा राहिलेला. मी गच्चीवर हातात लाल ब्लाउजपीस घेऊन उभी. प्रत्येक कारखान्याच्या दारात एक माणूस माझ्याकडे तोंड करून. मी एकदा कापड हलवलं की एका कारखान्याने एकेक करून आपले लूम थांबवायचे, मग दुसऱ्याने. लांबून सुरुवात, आमच्या खालचा गाळा शेवटी. जावई गच्चीच्या मध्यावर, कानाला हेडफोनचे मोठे कर्णे लावून, एका हातात ते मुंगूस. वैशाली कॅमेऱ्यापाशी. आमच्या ह्यांना मी काही सांगितलं नव्हतं, उगाच सकाळी सकाळी तोंडाला कशाला लागा. ते घरामागे पाण्याच्या टाकीपाशी दात घासत होते.

मी कापड हलवलं. लांबचा पहिला लूम थांबला, काही फरक नाही. दुसरा, तिसरा. एक कारखाना गेला, तरी काही नाही. मग दुसरा गेला, तिसरा गेला, आणि आवाजाला जशी भोकं पडायला लागली. खोटं नाही सांगत, इतकी वर्षं जो आवाज मला भिंतीसारखा एकसंध वाटत होता, त्यातला एकेक लूम मला वेगळा ऐकू येऊ लागला. कोणाचा खडखडाट, कोणाची कुरकुर, कोणी जरा लंगडत चालल्यासारखा. जावयांनी डोळे मिटलेले. आणि तेव्हाच घोटाळा सुरू झाला.

घोटाळा असा, की लूम बंद करायचे हे सगळ्यांना सांगितलं होतं, पण बोलणं कमी करायचं हे सांगायचं कोणालाच सुचलं नाही. जावई पुण्याचे, त्यांच्या ध्यानातच आलं नाही, आणि आम्हाला तर आपण ओरडतो हेच माहीत नाही. आवाज गेला आणि त्याच्याखाली रोज झाकलेली सगळी गल्ली उघडी पडली. कमलाकरची बायको भांडी घासता घासता पोरीला सांगत होती, "त्या म्हातारीच्या नादानी सगलीं येडी झाल्यात, जावई एक येडा नि सासू दोन येडी!" हे मी गच्चीवरून स्वच्छ ऐकलं. न्हाणीत कोणी कामगार बेसूर गात होता. मेहताजी फोनवर शेठला ओरडून सांगत होते, "माल कल ही निकल गया सेठ, गाड़ी तो पहुँच गई होगी!" आणि दारात ते ज्यावर बसले होते तो मालच होता, कापडाच्या ताक्यांची थप्पी. मी हात हलवून गप्प राहा, गप्प राहा अशा खुणा करतेय, तर खालच्या गाळ्याला वाटलं मी त्यांनाच इशारा करतेय. सलीमभाईचे लूम एकेक करून थांबायला लागले. शेवटचा इस्माईलचाचांचा. तोही थांबला.

आणि त्या शांततेत, घरामागून, आमच्या ह्यांचा आवाज आला. दात घासता घासता त्यांना त्या मावसभावाचा फोन आला होता. मोबाइल नवीन होता, त्यात ते दुप्पट ओरडायचे.

"न्हाय रं बाबा! एकदा सांगला ना, जावई न्हाय येनार! ... अरं सबूद दिलाय असा बोललो व्हतो मी, पन ते घरात बोललो, तुला कुठं दिला? ... तुज्या खोक्यांवर नजर ठेवाला कोनपन भेटंल. त्याचा डोका येगला हाय. त्यानी सावलीची शुटिंग केलीन, सावलीची! साठ वर्सा मी त्या अंगनात बसतो, मना कंदी दिसला सावली कशी चालते ते? ... हसू दे लोकांना. त्या अंबाडीच्या लोकांना काय कलतंय? ... न्हाय, घरात न्हाय सांगलेला. सांगला तर पिच्चर पुरा करील का तो? त्याला वाटू दे गोडाऊन हाय म्हनून. ... हां. ठेव."

सगळी गल्ली ऐकत होती. दारांत कामगार उभे, खिडक्यांत बायका. न्हाणीतलं गाणंही बंद झालं होतं. हे टाकीमागून तोंड पुसत बाहेर आले, समोर बघतात तर सगळी माणसं त्यांच्याकडे बघताहेत. त्यांनी वर बघितलं, खाली बघितलं, आणि त्याच आवाजात म्हणाले, "काय झाला? लाईट गेली काय?"

इस्माईलचाचा म्हणाले, "नहीं दादा, लाइट तो है. आप बोलते रहो."

जावयांनी कानावरचे कर्णे काढले नाहीत. माइकवाला हातही हलू दिला नाही. फक्त त्यांचं तोंड आमच्याकडून भिंतीकडे फिरलं आणि बराच वेळ तिकडेच राहिलं. वैशालीने पदराने कॅमेरा पुसला, खरं तर कॅमेऱ्यावर पुसण्यासारखं काही नव्हतं.

त्या दिवशी ह्यांनी घर डोक्यावर घेतलं. "ते पुसून टाका! माझा खाजगी बोलना व्हता तो!" जावई म्हणाले, "पुसतो मामा, पण मग शेवट परत काढावा लागेल. महिनाही संपत आलाय. मग मला गोडाऊनला..." हे माझ्याकडे वळले आणि म्हणाले, "चा दे." गोडाऊनचं नाव आमच्या घरात पुन्हा निघालं नाही.

पिक्चर तसाच पुरा झाला. आवाज कधी गेला, या प्रश्नाचं उत्तर जावयांना मिळालं का ते मला माहीत नाही. मी विचारलं तर म्हणाले, "मामी, मी चुकीची गोष्ट ऐकायला बसलो होतो." मुंबईला एका छोट्या हॉलमध्ये तो दाखवला, दाढीवाले आणि झोळीवाले पुष्कळ आले होते. आमचे हे टोपी घालून पहिल्या रांगेत बसले. शेवटी त्यांचा आवाज आला तेव्हा सगळा हॉल हसला आणि मग एकदम गप्प झाला. मग नावं आली. निर्माता म्हणून ह्यांचं नाव. हे तिथेच उठून उभे राहिले, "अहो, मी एक पैसा दिला न्हाय! खोटा कशाला लिवता?" जावई मागून म्हणाले, "मामा, तुम्ही माझी नोकरी घालवलीत. अजून काय द्यायचं?" येताना गाडी कल्याण नाक्याला आल्यावर आमचे हे म्हणाले, "माझा आवाज बरा आलाय नाय?"

त्यानंतर तीन वर्षांनी आमचे हे गेले. जावई अजून पिक्चर काढतात, अजून घर वैशालीच चालवते, आणि भावकीत अजून कोणी ना कोणी हळदीच्या शुटिंगचं विचारतं. त्याला मी माझ्या पद्धतीने उत्तर देते, ते इथे लिहिण्यासारखं नाही. तो पिक्चर कुठल्या कुठल्या देशांत जाऊन आला. तिथल्या लोकांना आमची भाषा येत नाही, खाली इंग्रजीत लिहिलेलं असतं म्हणे. ते लोक जावयांना विचारतात, हा ओरडणारा माणूस कोण? हे सांगतात, माझे सासरे. पुढे काही सांगत नाहीत, असं वैशाली म्हणाली.

कधीतरी दुपारी मी जावयांना तो लावायला सांगते. पहिला भाग मला आजही कंटाळवाणा वाटतो, हे मी त्यांना तोंडावर सांगते, तेव्हा ते थेट शेवटच लावून देतात आणि काहीतरी निमित्त काढून वर गच्चीत जातात. मी एकटी बसते. ह्यांनी उभ्या जन्मात मला कधी धड काही बोलून दाखवलं नाही, मुलीला नाही, जावयाला तर नाहीच. जे बोलायचं ते सगळं मावसभावाला बोलले, तेही टाकीच्या मागे उभं राहून. टीव्हीवर ते ओरडायला लागले की खालच्या गाळ्यातली माणसं काय झालं म्हणून दारात येतात. येऊ देत. मी आवाज कमी करत नाही.